जामसिंगबरोबर गेलेली बाटली

नंदुरबार
९ डिसेंबर २०२४

फुरकान,

सलाम.

आधी माझी तक्रार नोंदवून घे. तुझ्या कंपनीच्या प्रतिज्ञापत्राला मारलेली पिन माझ्या उजव्या अंगठ्यात घुसली. शंभरावर पानं एकत्र धरून ठेवणारी ती अजस्र पिन, आणि मागच्या बाजूला तिचं एक टोक वाकवायचं राहून गेलेलं. दुसऱ्या कुणाचा अंगठा असता तर त्याने तो तोंडात घालून विषय संपवला असता. पण मी पडले मिरचीचे देठ खुडणाऱ्या बायकांची मुकादम. नुसती मुकादमी करत नाही, हातही चालवते. जखमी अंगठा घेऊन दिवसभर मिरची वाळवायच्या पथारीवर लाल ढिगापुढे बसले आणि प्रत्येक देठामागे तुझ्या वकिलीला दुवा दिली. या धंद्यात अंगठा तोंडातही घालता येत नाही. माननीय खंडपीठाने याची योग्य ती दखल घ्यावी आणि प्रतिवादींना पिना नीट वाकवण्याचा आदेश द्यावा, ही नम्र विनंती.

शेवटच्या पानावर तुझं नाव दिसलं तेव्हा अंगठा विसरले. कंपनीतर्फे वकील म्हणून खाली तुझी सही. तीच शाळेतली, शेपटी वर वळवलेली. तीन वर्षांत तुझ्याकडून आलेला हा पहिला कागद. फोनवर तू मला अडवून ठेवलं आहेस. त्या ईदला तुझ्या दिल्लीच्या घरी, तुझ्या साहेबांच्या देखत मी म्हणाले होते की विषाची वकिली करणाऱ्यापेक्षा विष विकणारा दुकानदार परवडला, त्याच्या नाकात निदान वास तरी जातो. बिर्याणी उत्तम झाली होती, तेवढं म्हणायचं राहून गेलं. पोस्टाला माणूस अडवायची सोय अजून नाही, म्हणून लिहिते. आणि मराठीत लिहिते, कारण आपण भावंडं घरात उर्दूत लाडावलो, गल्लीत अहिराणीत खेळलो आणि भांडलो मात्र कायम शाळेतल्या मराठीत.

तुझ्या परिच्छेद सहामध्ये लिहिलं आहे की मयत जामसिंग कोणत्या औषधाने मेला याची कंपनीला काहीही माहिती नाही. नसेल. मी सांगते.

जामसिंग खापरच्या वरच्या डोंगरातला. दरवर्षी पाऊस ओसरला की बायको फुलवंताबाईला घेऊन खाली उतरायचा. ती माझ्याकडे देठ खुडायची, तो कोरीटच्या शिवारात रोजाने मिरचीवर फवारणी करायचा. मागच्या वर्षी ऑक्टोबरात एका संध्याकाळी तो बायकोला न्यायला आला आणि पथारीच्या कुंपणाशी बसला तो उठलाच नाही. पाठीवर पंप तसाच. घामाने निथळत होता, तोंडातून लाळ, डोळ्यांतल्या बाहुल्या मोहरीएवढ्या. मला वाटलं ऊन लागलं. फुलवंताबाईने त्याच्या पंपाच्या पट्ट्याला बांधलेली बाटली सोडली आणि मला दाखवली. निळ्या झाकणाची. तुझ्या कंपनीची. अर्धी संपलेली. दवाखान्यात सलाईन लावलं आणि म्हणाले, मोठ्या दवाखान्यात न्या. तिथे नेईपर्यंत तो गेला. कागदावर कुणी कारण लिहिण्याआधीच त्याच्या माणसांनी त्याला जीपमध्ये घातलं आणि डोंगरात नेलं. शवविच्छेदन झालं नाही हा मुद्दा तू परिच्छेद नऊमध्ये ठळक करून टाकला आहेसच.

आता याचिका. या औषधाचं काय करावं म्हणून सरकारने तज्ज्ञांची समिती नेमली. ती म्हणाली, बंद करा. मग त्या समितीचं बरोबर आहे का हे बघायला दुसरी समिती नेमली. दुसरी म्हणाली, नोंदणी चालू राहू द्या, फक्त बाटलीवरचं हातमोज्यांचं चित्र मोठं करा. चित्र मोठं झालं. हातमोजे अजून यायचे आहेत. हा निर्णय रद्द करा, असं फुलवंताबाईचं म्हणणं. तिला नुकसानभरपाईचं फारसं कळत नाही. तिचा दीर दिवाल्या दोन पोरींचा बाप आहे आणि त्याच्याही पाठीवर पंप असतो. ते औषध दिवाल्याच्या पाठीवर चढू नये, एवढंच ती मागते. ती अंगठा देते म्हणून ती याचिकाकर्ती एक, आणि टपाल घ्यायला कुणीतरी हवं म्हणून मी दोन.

आणि 'बाटली हजर केलेली नाही, सबब ती अस्तित्वात नव्हती' असं तू लिहिलंस तरी कसं? बाटली आहे, बाबा. जामसिंगजवळच आहे. त्यांच्यात माणसाला पुरतात तेव्हा त्याची कामाची वस्तू त्याच्याबरोबर देतात. कुणाचं धनुष्य, कुणाची बासरी. याचा पंप दिला आणि पट्ट्याला होती तशी बाटलीही. फुलवंताबाईने ती परत पट्ट्याला बांधली तेव्हा जीपमध्ये टॉर्च मीच धरला होता. तेव्हा ती ओळ खोटी आहे, हे तुझ्यापुरतं तरी कळून राहू दे.

अंगठा बरा आहे.

शहाबानो

—

नंदुरबार
२७ जानेवारी २०२५

फुरकान,

तुझं उत्तर मिळालं. पोस्टाने नाही, कोर्टामार्फत. पुरवणी प्रतिज्ञापत्र. या वेळी पिन नीट वाकवली आहे. म्हणजे माझं पत्र तू वाचलंस.

परिच्छेद चार: 'विश्वसनीयरीत्या समजते की सदर बाटली याचिकाकर्त्यांच्या पूर्ण माहितीत असून मयताच्या दफनस्थळी ठेवण्यात आली आहे. याचिकाकर्त्यांनी ही बाब न्यायालयापासून हेतुपुरस्सर दडवली. बाटली पंचांसमक्ष बाहेर काढून तपासणीस पाठवावी, अन्यथा याचिकाकर्त्यांविरुद्ध अनुमान काढावे.'

विश्वसनीयरीत्या. माझ्याबद्दल आयुष्यात एवढं चांगलं कुणी लिहिलं नव्हतं.

आमचे वकील हिंमतराव शहाद्याचे. ओठावर दोन मिश्या मावतील एवढी एक मिशी, आणि फी मागायची वेळ आली की खोकला येतो, असा सज्जन माणूस. त्यांनी हा कागद वाचून चष्मा काढला, पुसला, परत घातला, आणि मला विचारलं, "आपा, बाटलीचं आपल्याव्यतिरिक्त कुणाला बोलल्या का तुम्ही?" मी म्हणाले, नाही. बोलले नव्हतेच. लिहिलं होतं.

ते म्हणाले, मग पाड्यातलंच कुणीतरी फुटलं. मी त्यांना पाड्यातल्या माणसांवर संशय घेऊ दिला आणि चहा मागवला. हे तुला मुद्दाम कळवते. माझी बाजू किती स्वच्छ आहे हे कंपनीला माहीत असावं.

तसं बघितलं तर तुझा मुद्दा पक्का आहे, आणि हेच मला सहन होत नाही. बाटलीवर गटक्रमांक असतो. तो मिळाला तर कुठल्या कारखान्यातून निघाली, कुठल्या दुकानात गेली, सगळं उलगडतं. हिंमतरावही म्हणाले, निघाली तर आपलाच फायदा, आपा. तुला ती निघायला नकोच आहे. तू आमच्यात वाढलास. डोंगरातली माणसं मयताला दिलेलं परत घेत नाहीत हे तुला ठाऊक आहे. अब्बांच्या दुकानात भिल्ल-पावरा माणसं पंपाचे वॉशर बदलून न्यायला यायची तेव्हा तू त्यांच्याच खांद्यावर बसून बाजार बघायचास. दिल्लीच्या दुसऱ्या वकिलाने 'बाटली आणा' म्हटलं असतं तर तो अडाणी ठरला असता. तू म्हणालास, म्हणजे नेम धरून.

पीठाने होळीनंतरची तारीख दिली आहे. तोवर याचिकाकर्त्यांनी सांगायचं, बाटली काढायला तयार आहात की नाही. फुलवंताबाई या वर्षी लवकर वर गेली आहे, आता होळी करूनच उतरेल. डोंगरातली सगळीच जातात. आता तिला विचारायला मी जाणार. दुसरं कोण जाईल? विश्वसनीय मीच आहे.

शहाबानो

—

नंदुरबार
११ मार्च २०२५

फुरकान,

यात कंपनीच्या कामाचं काही नाही. जे आहे ते कालच हिंमतरावांनी पीठापुढे लेखी दिलं, त्यामुळे तुला मेहनत पडणार नाही.

शनिवारी गेले होते. खापरपर्यंत बस, पुढे दिवाल्या मोटारसायकल घेऊन आला. त्याचा हरभरा उपटायला आला होता, वेळेवर घरात आला नाही तर घाटे तडकतात, पण तो ते सोडून मला न्यायला आला. रोजा होता माझा. चढणीवर दोनदा उतरून चालावं लागलं. गुडघ्यांचं वर्णन वगळते, ते पुराव्यात ग्राह्य धरणार नाहीत.

फुलवंताबाई अंगणात मोहाची फुलं वाळत घालत होती. मला बघून हसली आणि लगेच हसू आवरलं. मी एवढ्या लांब सणावारी येणारी नव्हे, हे तिला कळतं. आम्ही दोघी बोलतो ती बाजारची अहिराणी. ना तिची ना माझी, म्हणून दोघींना सोपी. मी सगळं सांगितलं. बाटली निघाली तर औषध बंद होण्याची आशा आहे, नाही निघाली तर कोर्ट म्हणेल की यांच्याकडे सांगायला काही नाही.

तिने पहिला प्रश्न विचारला तो, बाटली कुठे आहे हे कंपनीला कसं कळलं. मी म्हणाले, वकिलांना सगळं कळतं. तिने मान हलवली. तिला ते खरं वाटलं. माझ्यावरच्या भरवशाने नव्हे, वकिलांच्या ख्यातीवरून.

मग ती बराच वेळ फुलं पसरत राहिली. मला वाटलं, ती तयार होईल. खरं सांगू, मला वाटलं ती तयार व्हावी. मी तिला म्हणालेही, तू नको बघू, आम्ही काढू, पंच असतील, परत नीट झाकू. तेव्हा ती बोलली.

"दिधेल वस्तू आम्हीन परत लेतस नही, आपा. तठे तो काय लिसन कामले जाई?"

मी म्हणाले, अगं, त्याच औषधाने तो गेला. तिकडेही तेच बरोबर कशाला हवं?

"ते मी तवय समजनू नही," ती म्हणाली. "समजनू ऱ्हातू ते दिधं नसतं. आते ते त्यानं शे."

त्याचं झालेलं आता तिलाही देता येत नव्हतं. दिवाल्या दाराच्या चौकटीला टेकून ऐकत होता. ज्याच्यासाठी हा सगळा खटाटोप, तो. त्याला म्हटलं, तू तरी वहिनीला सांग. त्याने डोक्यावरचा रुमाल काढला, झटकला, परत बांधला.

"मन्हासाठे भाऊले उठाडू नका," एवढंच म्हणाला.

पाड्याच्या म्हाताऱ्यांना विचारायची वेळच आली नाही. दोघांनी निकाल दिला होता, आणि तुमच्या पीठापेक्षा लवकर.

निघायला उशीर झाला. सूर्य डोंगराआड गेला तशी मी पिशवीतून खजूर काढला. फुलवंताबाईने माझा हात धरला. म्हणाली, थांब, तो बुडला नाही, नुसता डोंगरामागे गेला, रोजा तुटेल. तिच्या म्हणण्याप्रमाणे थांबले. मग तिनेच सांगितलं, आता खा. घरी आल्यावर नंदुरबारची वेळ बघितली, बरोबर होती. हे तुला का लिहिते आहे ते मलाही कळत नाही. कुणाला तरी लिहावंसं वाटलं, आणि घरात लिहिण्यासारखा तूच उरला आहेस.

खापरला सोडल्यावर मी दिवाल्याला रोज द्यायला लागले. त्याने हात मागे घेतला. म्हणाला, "पैसा नको. तुम्हीन मन्हा एक दिवस लिधा, एक दिवस द्या." त्यांच्यात लाह म्हणतात त्याला. आज मी तुझ्या शेतात, उद्या तू माझ्या. घेतलेला दिवस दिवसानेच परत जातो, नोटेने नाही. मी हसून हो म्हटलं. तो हसला नाही.

शहाबानो

—

नंदुरबार
२४ एप्रिल २०२५

फुरकान,

मुबारक हो. ईदचं वेगळं, हे निकालाचं.

तू स्वतः आला नव्हतास. तुझ्या जागी एक चुणचुणीत वकील मुलगी होती. तिने माझ्याकडे बघून आदराने मान झुकवली. कुणाची बहीण ते तिला माहीत नसावं, किंवा असावं.

मी आणि फुलवंताबाई रात्रभर बसने खंडपीठाकडे गेलो. आमचा पुकारा झाला तेव्हा ती डब्यातली भाकरी सोडत होती. ती तशीच बांधून आत गेलो. परत येऊन ती भाकरी खायला घेतली तेव्हा अजून मऊ होती, यावरून काय ते समज.

मला कळलं ते असं. औषधाची नोंदणी ठेवायची की काढायची हा तज्ज्ञांचा विषय. तज्ज्ञांच्या निर्णयावर पीठ अपील ऐकत बसणार नाही. या मृत्यूचा या औषधाशी संबंध दाखवणारी वस्तू याचिकाकर्त्यांनी स्वतःच हजर करायला नकार दिला. तरी याचिकाकर्त्यांचं म्हणणं असेल तर त्यांनी ते समितीकडे मांडावं, समिती कायद्यानुसार विचार करील. कुठली समिती? तीच. दुसरी. जिने हातमोज्यांचं चित्र मोठं केलं ती. याचिका निकाली.

कुणी वाईट बोललं नाही. न्यायाधीशसाहेबांनी फुलवंताबाईकडे बघून सहानुभूतीचं एक वाक्यही म्हटलं, इंग्रजीत. मला एक तरी माणूस दुष्ट सापडला असता तर बरं वाटलं असतं. तोंडसुख तरी घेता आलं असतं. सगळे आपापल्या जागी नियमाने वागले, तूसुद्धा.

तुझ्या जागी आलेल्या त्या मुलीने लेबलचा मुद्दाही मांडला. बाटलीवर कापूस लिहिलं आहे आणि जामसिंगने मिरचीवर मारलं, तेव्हा औषधाचा दोष नाही, वापराचा आहे. जामसिंगला वाचता येत नव्हतं. शेतमालकाला येत होतं, दुकानदाराला येत होतं. नंदुरबारला मिरची पिकते हेही साऱ्यांना माहीत आहे. पण वाचता न येणारा जो होता त्याच्याच नावावर तो दोष लागला. आणि ती मिरची माझ्या पथारीवर येते, मी देठ काढून ती देशभर पाठवते, म्हणून या विषयावर मी फार आवाज चढवत नाही.

पायऱ्या उतरताना फुलवंताबाईने विचारलं, "मंग ते औसद बंद व्हयनं का?"

हिंमतराव म्हणाले, अजून नाही, पण दार उघडं ठेवलंय. मोठ्या अदबीने म्हणाले, आणि मग त्यांना खोकला आला. फी मागायची नव्हती, तरी आला.

समितीला अर्ज केला आहे. पोहोच आली. 'विचाराधीन.'

शहाबानो

—

नंदुरबार
२१ जुलै २०२५

फुरकान,

एप्रिलनंतर तुझ्याकडून काही आलं नाही. खटलाच नाही, तर तू कशाला लिहिशील? चार-पाच महिने निदान एकमेकांचे कागद तरी वाचत होतो.

काल दिवाल्याकडे जाऊन आले. मार्चमधला तो दिवस डोक्यावर होता. निंदणीला माणसं कमी पडताहेत असा फुलवंताबाईकडून निरोप आला होता. दिवाल्याने स्वतः काही म्हटलं नव्हतं. लाहचा दिवस कुणी मागत नाही, ज्याने घेतला त्याने ओळखायचा असतो. खापरच्या खालच्या अंगाला त्याने वाट्याने कापूस लावला आहे. शेतात बोटभर चिखल. मला बघून बायका हसल्या. शहरातली आपा खुरपं उलटं धरते यावर एक गाणंही रचलं. अर्थ कुणी सांगितला नाही. मी समजले.

फुलवंताबाईने मला तिच्या शेजारची ओळ दिली. दुपारपर्यंत मी तिच्या मागे होते, मग पुष्कळच मागे. तिने तिची ओळ संपवली आणि माझ्या ओळीत समोरून शिरली. मी तिला म्हणाले, नको, ही माझी आहे. तिने ऐकलं आणि परत गेली.

भाकरीला बसलो तेव्हा बांधावर पंप दिसला. पट्ट्याला बाटली. निळं झाकण. फुलवंताबाईने ती सकाळीच बघितली असणार. ती त्या बाजूला पाठ करून बसली होती.

दिवाल्याला मी विचारलं. म्हणजे विचारलं असंही नाही, नुसतं तिकडे बघितलं. त्याने सांगितलं, तुडतुडे पडलेत, दुकानदाराने हीच दिली. दुसरं औषध आहे, पण ते दुप्पट महाग, आणि तेही कुठून आलंय कुणास ठाऊक. मग म्हणाला, "कापूसवरच मारस, आपा. कागदवर लिखेल शे तसंच."

खरं आहे. कोर्टात हेच तर सांगितलं गेलं होतं. या वेळी सगळं नोंदणीबरहुकूम आहे. पीक बरोबर, बाटली बरोबर, चित्रात हातमोजे आहेत. तुझ्या कंपनीला याच्याविरुद्ध काही म्हणता येणार नाही, आणि मलाही.

मी म्हणाले, निदान वाऱ्याकडे पाठ करून मार. तो हो म्हणाला. डोंगराच्या पायथ्याला वारा दिवसातून किती वेळा फिरतो ते मी दिवसभर बघत होते.

दुपारनंतर तो पंप पाठीवर घेऊन शेताच्या दुसऱ्या टोकाला गेला, रुमाल नाकावर बांधून. आवाज ऐकू येत होता, पंप मारण्याचा, एका लयीत. आम्ही माना खाली घालून गवत काढत राहिलो. फुलवंताबाईने वर बघितलं नाही. आवाज थांबला की मात्र तिचा हात थांबायचा. परत सुरू झाला की परत चालायचा. माझाही तसाच चालायला लागला.

माझी ओळ संपली तेव्हा बाकीच्या बायका निघून गेल्या होत्या. ओढ्यावर खुरपं धुतलं, चिखल नीट काढला आणि दिवाल्याच्या बायकोच्या हातात दिलं. दिवाल्याने पंप उतरवून बांधावर ठेवला होता आणि तोंड धूत होता. मी त्याच्या डोळ्यांकडे बघितलं. नीट बघितलं. बाहुल्या ठीक होत्या.

तो म्हणाला, "फिटनं, आपा."

मी हो म्हटलं आणि रस्त्याला लागले. खापरची शेवटची बस मिळाली.

शहाबानो